निमंत्रक, प्रवक्ता, नेता

‘निमंत्रक’ हा शब्द आम्हीच सुचवला होता. आम्ही म्हणजे एका तालुक्याच्या गावातील महाविद्यालयात मराठी शिकवणारे दोघे. साल २००५. गावाच्या उत्तरेकडील टेकडीवर मुरुमासाठी चाललेले खोदकाम थांबावे, तिथे झाडे लावावीत, एवढ्यासाठी वीस-पंचवीस माणसे एकत्र आली होती. पदांचे काय करायचे, हा प्रश्न पहिल्याच बैठकीत निघाला. अध्यक्ष, उपाध्यक्ष, चिटणीस, खजिनदार ही मालिका आम्हाला तेव्हा फार बुरसटलेली वाटे. ‘अध्यक्ष’ म्हटले की शाल, श्रीफळ आणि हार डोळ्यांपुढे येत. ‘पुढारी’ या शब्दाला तर आपल्या ग्रामीण कथेने आणि वगनाट्याने असे काही रंगवून ठेवले आहे, की त्याचा सरळ अर्थ आता कोणाच्या कानाला लागतच नाही. त्यांच्या तुलनेत ‘निमंत्रक’ निर्मळ वाटला. बोलावणारा, बोलावून झाले की इतरांसारखाच सतरंजीवर बसणारा. संस्कृतातील ‘नी’ धातूपासून आलेला ‘नेता’, म्हणजे नेणारा, हा शब्द आम्ही विचारातही घेतला नाही. आम्हाला कोणी कुठे नेऊ नये, इतकीच आमची तेव्हाची राजकीय समज होती.

हे सारे जवळजवळ विस्मरणात गेले होते. २०२५च्या सप्टेंबरात आमच्या एका जुन्या विद्यार्थिनीचा ब्रिस्टलहून फोन आला. ‘‘सर, मॅडमही आहेत ना तिथे? मग दोघंही ऐका. आमच्या पक्षात मी नेता निवडला!’’ पक्ष म्हणजे इंग्लंड आणि वेल्सचा हरित पक्ष, तिकडच्या बोलण्यात ‘ग्रीन पार्टी’. ती दोनेक वर्षांपूर्वी त्याची सभासद झाली होती. प्रत्येक सभासदाला एक मत, पसंतीक्रमाने द्यायचे, वगैरे तपशील तिने उत्साहाने सांगितले. मग म्हणाली, ‘‘आणि सर, उमेदवारांच्या नावांखाली आणखी एक पर्याय होता. उमेदवारी पुन्हा मागवा. म्हणजे यांच्यापैकी कोणी नको, नव्याने अर्ज बोलवा. याला मराठीत चांगला शब्द काय?’’ आमच्याकडच्या लोकसभा-विधानसभेच्या मतदानयंत्रावर २०१३पासून ‘वरीलपैकी कोणीही नाही’ हे बटण आहे; पण ते कितीही जणांनी दाबले तरी उमेदवारांत ज्याला अधिक मते तोच निवडून येतो. तिकडचा हा पर्याय जिंकला तर मात्र खरोखरच निवडणूक नव्याने सुरू करावी लागते. म्हणजे तो निव्वळ नकार नव्हे, तोही एक उमेदवारच आहे. तिला त्या दिवशी शब्द सुचवता आला नाही. फोन ठेवल्यावर आम्ही दोघे बराच वेळ गप्प होतो. आणि दोघांच्याही मनात २००८ सालची एकच बैठक होती, हे नंतर बोलताना उमगले.

त्या बैठकीकडे येण्याआधी या पक्षाची हकीगत थोडी सांगितली पाहिजे. ती आम्ही पुढच्या काही महिन्यांत, परीक्षेच्या पेपरांच्या गठ्ठ्यांमधून वेळ काढून, हावरटासारखी वाचली.

१९७३ साली कॉव्हेंट्री या शहरात ‘पीपल’ नावाने हा पक्ष सुरू झाला. १९७५ मध्ये त्याचे नाव ‘इकॉलॉजी पार्टी’ झाले, १९८५ मध्ये ‘ग्रीन पार्टी’. १९९० मध्ये स्कॉटलंड आणि उत्तर आयर्लंडमधील सोबती आपापल्या वाटेने गेले आणि इंग्लंड व वेल्सचा पक्ष उरला. वारंवार नाव बदलणाऱ्या या पक्षाने एक गोष्ट मात्र दीर्घकाळ बदलली नाही: त्याला नेता नव्हता. होते ते दोन ‘मुख्य प्रवक्ते’, एक स्त्री आणि एक पुरुष, दरवर्षी निवडलेले. प्रवक्ता म्हणजे बोलणारा, नेणारा नव्हे. सत्ता ही पर्यावरणासारखीच विखुरलेली, परस्परावलंबी असावी आणि ती एका हाती साठली की नासते, हा विचार त्यामागे होता.

१९८९च्या युरोपीय संसदेच्या निवडणुकीत या नेताहीन पक्षाला अचानक सुमारे १५ टक्के, म्हणजे २० लाखांहून अधिक मते पडली आणि निवडणूक पद्धतीच्या कृपेने जागा एकही मिळाली नाही. यशाने गोंधळलेल्या पक्षात मग पुनर्रचनेची एक चळवळ उठली. कार्यकारिणी लहान करा, जबाबदारी नेमकी कोणाची ते ठरवा, असे म्हणणाऱ्यांत सेरा पार्किन या प्रमुख होत्या. त्यांनी १९९२ मध्ये पक्षाच्या कार्यकारिणीचे अध्यक्षपद सोडले. वाद मिटला नाही, फक्त झोपी गेला.

तो पूर्ण जागा झाला २००७ मध्ये. नेता आणि उपनेता, किंवा इच्छा असेल तर दोन सहनेते, दर दोन वर्षांनी सभासदांनी निवडावेत, असा घटनाबदल सार्वमताला टाकण्यात आला. मंजुरीला दोन-तृतीयांश मते हवी होती. या प्रसंगातला आम्हाला सर्वांत नाट्यपूर्ण वाटलेला भाग असा, की पक्षाचे त्या वेळचे दोन मुख्य प्रवक्तेच परस्परविरुद्ध बाजूंना उभे होते. कॅरोलाइन लुकास बदलाच्या बाजूने, डेरेक वॉल विरोधात. पक्षाचा आवाज म्हणून निवडलेली दोन माणसे, आणि आवाज दोन. लुकास आणि त्यांचे सहकारी म्हणत, लोकांना ‘मुख्य प्रवक्ता’ म्हणजे काय हे प्रत्येक वेळी समजावून सांगण्यातच आपला श्वास संपतो. माणसे विचार ऐकतात ते कोणाच्या तरी चेहऱ्यातून. वॉल हे अर्थशास्त्राचे अध्यापक. सामायिक मालमत्ता आणि तिचे सामुदायिक व्यवस्थापन हा त्यांच्या अभ्यासाचा विषय, ज्यांना त्या विषयातील कामासाठी २००९ मध्ये नोबेल पुरस्कार मिळाला त्या एलिनॉर ऑस्ट्रम यांच्यावर पुढे त्यांनी पुस्तकही लिहिले. माणसे वरून कोणी हाकल्याशिवाय कुरण, पाणी, जंगल सांभाळू शकतात, असे ज्याला पुराव्यानिशी वाटते, त्याने आपल्या पक्षालाच हाकणारा माणूस का मागावा? युक्तिवाद सुसंगत होता. आजही आम्हाला तो मोह पाडतो.

येथे अध्यापकी सवयीने थोडे विषयांतर. ‘दशरूपका’त रूपकांचे भेद ठरवणारी तीन तत्त्वे सांगितली आहेत: वस्तू, नेता आणि रस. तिथे नेता म्हणजे नायक. हे आम्ही वर्षानुवर्षे वर्गात शिकवत आलो. पण राजकारणातला ‘नेता’ आणि रंगभूमीवरचा ‘नेता’ हा एकच शब्द आहे, हे तासाला सांगून विद्यार्थ्यांना हसवण्यापलीकडे आम्ही त्याचा विचार केला नव्हता. २००७च्या त्या वादात मात्र हाच श्लेष गंभीरपणे उभा आहे. ‘होय’ म्हणणाऱ्यांचे सांगणे मूलतः नाट्यशास्त्रीय आहे: वस्तू आपल्याजवळ आहे, हवामान, नद्या, विस्थापित माणसे; रसही आहे; नेत्यावाचून प्रयोग उभा राहत नाही. ‘नाही’ म्हणणाऱ्यांचे उत्तर असे, की आपल्याला प्रयोग करायचाच नाही, सगळा प्रेक्षकवर्ग रंगमंचावर आणायचा आहे.

३० नोव्हेंबर २००७ रोजी निकाल लागला. निम्म्याहून थोड्या कमी सभासदांनी मत दिले आणि त्यांपैकी ७३ टक्क्यांनी नेता मागितला. पुढच्या सप्टेंबरात पहिली निवडणूक झाली. लुकास यांना २,५५९ मते, त्यांच्याविरुद्ध उभे राहिलेले अभिनेते अ‍ॅशली गन्स्टॉक यांना २१०. हे आकडे वाचून आम्हाला प्रथम हसू आले. आमच्या गावच्या पतपेढीच्या निवडणुकीत याहून जास्त मतदान होते! पण गन्स्टॉक उभे राहिले म्हणून ती निवडणूक झाली, नाहीतर आपल्या परिचयाचा तो शब्द, ‘बिनविरोध’, तिथेही लागला असता. हरणार हे ठाऊक असून उभे राहणाऱ्या माणसाकडे आपण कसे पाहतो? २००८च्या आरंभी आम्ही दोघांनी अशा एका माणसाकडे कसे पाहिले, ते आता सांगायला हवे.

आमच्या टेकडी-गटाचे निमंत्रकपद नियमानुसार दर सहा महिन्यांनी फिरायचे होते. कागदावर ते फिरलेही. परंतु गटाची वही, शिक्का, तहसील कचेरीतील ओळखी आणि गटाचा म्हणून पत्रकांवर छापलेला दूरध्वनी क्रमांक हे सारे पहिल्या दिवसापासून एकाच घरी होते: आमच्या महाविद्यालयातील एका ज्येष्ठ प्राध्यापकांच्या. गृहस्थ सज्जन होते. सर्वांत जास्त झाडे त्यांनीच जगवली. उन्हाळ्यात सायकलला कॅन बांधून पाणी नेताना आम्ही त्यांना पाहिले आहे. त्यांना कोणतेही पद नको होते, आणि तसे ते वारंवार सांगत. २००७च्या दिवाळीनंतर एके दिवशी कळले, की टेकडीवर ‘उद्यान’ करण्याच्या नगरपालिकेच्या योजनेला गटाची संमती आहे असे पत्र गेले आहे. सिमेंटची पायवाट, दिव्यांचे खांब, एक कारंजे. सरांचे म्हणणे, उद्यान झाले की खोदकाम तरी कायमचे थांबेल. कदाचित खरेही असेल. पण त्यांना विचारायचे कोणी आणि कोणत्या नात्याने? ते निमंत्रक नव्हते. त्या सहामाहीचा निमंत्रक एक बिचारा किराणा दुकानदार होता, आणि त्याला पत्राची वार्ताच नव्हती.

जीवशास्त्र शिकवणाऱ्या आमच्या एका सहकारी बाईंनी बैठक बोलावण्याचा आग्रह धरला. वयाने आमच्याहून दोन-तीन वर्षांनी लहान, नोकरीत त्याच वर्षी कायम झालेल्या. त्यांचा ठराव साधा होता: अध्यक्ष नेमा, एक वर्षाची मुदत ठेवा, चिठ्ठ्या टाकून मतदान घ्या, पत्रावर सही त्याची असेल. आणि मी उभी राहते, असेही त्यांनी सांगितले. विरोधात कोण बोलले? आम्ही दोघे. आळीपाळीने, चांगल्या मराठीत. पदांनी चळवळी कशा कुजतात, सामूहिकतेचे मोल काय, असे बरेच. शेवटी आमच्यापैकी एकाने विचारले, वारीला कुठे अध्यक्ष असतो? सभेला वाक्य आवडले. बाई शांतपणे म्हणाल्या, ‘‘सर, वारीत चोपदार असतो. आरतीच्या वेळी तो दंड वर करतो आणि एवढा मोठा समाज गप्प होतो. पण तो दंड कोणाच्या हातात आहे हे सगळ्यांना दिसतं. आपल्याकडचा दंड मला दिसत नाही.’’

याला उत्तर नव्हते, आणि आम्ही ते दिले नाही. सर मंद हसत होते. ‘‘मतदान कशाला, आपण काय राजकीय पक्ष आहोत?’’ असे कोणीतरी म्हणाले, आणि आहे तीच पद्धत चालू ठेवावी असे सर्वानुमते ठरले.

आता जे सांगायचे ते इतकी वर्षे आम्ही एकमेकांनाही सांगितले नव्हते. त्या वर्षी आम्ही दोघेही तासिका तत्त्वावर होतो. दर जूनला पुन्हा मुलाखत, दर मार्चला तास संपले की पगार बंद. सरांचा संस्थेत शब्द होता. त्यांनी आम्हाला कधी धमकावले नाही, सूचकही काही म्हटले नाही. त्यांनी तसे काही केले असते असे आजही वाटत नाही. पण आमच्या भाषणातील सामूहिकतेची ती सुंदर वाक्ये कोणत्या भीतीच्या जमिनीतून उगवली होती, हे आम्हाला बोलतानाच ठाऊक होते. तत्त्व खोटे नव्हते. आम्ही ते वापरले, इतकेच.

अमेरिकी स्त्रीवादी अभ्यासक जो फ्रीमन यांनी १९७०च्या दशकाच्या आरंभी आपल्या चळवळीतील गटांविषयी एक निबंध लिहिला. रचनाहीनतेची जुलूमशाही असा त्याच्या शीर्षकाचा अर्थ. ज्या गटाला रचना नाही त्यालाही रचना असतेच, फक्त ती अदृश्य असते आणि मैत्र्यांच्या धाग्यांनी विणलेली असते, असे त्यांचे प्रतिपादन. आम्ही तो २००८ नंतर पुष्कळ वर्षांनी वाचला. आमच्या सहकारी बाईंनी तो तोपर्यंत वाचला होता असे मुळीच नाही; त्यांना ते चोपदारावरून कळले होते.

तरीही ‘नेता नको’ म्हणणाऱ्यांची केवळ चेष्टा करणे आम्हाला जमत नाही. पश्चिम जर्मनीतील ग्रीन पक्ष १९८० साली स्थापन झाला आणि १९८३ मध्ये ५.६ टक्के मते घेऊन संसदेत गेला. निवडून आलेल्यांनी दोन वर्षांनी जागा सोडून मागच्याला बसवायचे, असा त्यांचा नियम होता, आमच्या फिरत्या निमंत्रकासारखाच. पेट्रा केली या त्यांच्या सर्वांत परिचित चेहऱ्याने तो पाळला नाही. इतक्या कष्टाने मिळवलेला अनुभव आणि आवाज दोन वर्षांत टाकून द्यायचा, हा त्यांना अपव्यय वाटला. पक्षातल्या अनेकांना तो अहंकार वाटला. १९९१ मध्ये त्या पक्षाच्या प्रवक्तेपदासाठी उभ्या राहिल्या आणि दारुण हरल्या. पुढच्या वर्षी त्यांच्या सहचराने गोळी घालून त्यांची हत्या केली आणि स्वतःलाही मारून घेतले. दोघांचे मृतदेह बॉनमधल्या घरात सापडले तेव्हा पुष्कळ दिवस उलटून गेले होते. ज्या पक्षाला नेता नको होता त्याला नेत्याशी वागायचे कसे हे ठाऊक नव्हते. आणि ज्या बाईला त्या पक्षाने चेहरा केले तिला पुन्हा साधी सभासद होता आले नाही. येथे कोण चुकले हे आम्हाला ठरवता येत नाही.

इंग्लंडात पुढे काय घडले? लुकास २०१० मध्ये ब्रायटन पॅव्हिलियन मतदारसंघातून १,२५२ मतांनी निवडून येऊन पक्षाच्या पहिल्या खासदार झाल्या. ‘होय’वाल्यांचे म्हणणे सिद्ध झाले असे तेव्हा वाटले असणार. २०१२ मध्ये त्यांनी नेतेपद आपण होऊन सोडले आणि चौरंगी लढतीत नॅटली बेनेट आल्या. मग एक मौज झाली: २०१६ पासून पक्षाने घटनेतील दुसरी वाट धरली आणि नेतेपद जोडीने वाटून घेतले. आधी लुकास आणि जोनाथन बार्टली, मग बार्टली आणि शान बेरी, २०२१ पासून कार्ला डेन्यर आणि एड्रियन रॅम्झी. नेता मागून घेतला, आणि मग त्याचे दोन तुकडे केले. जुन्या दोन प्रवक्त्यांची सावली अशी परत आली. २०२४च्या निवडणुकीत त्यांचे चार खासदार झाले. डेन्यर आणि रॅम्झी हे त्यांतले दोन.

२०२५ची लढत या पार्श्वभूमीवर पाहावी लागते. एका बाजूला रॅम्झी आणि एली चाउन्स ही दोन खासदारांची जोडी. दुसऱ्या बाजूला झॅक पोलान्स्की, २०२२ पासूनचे उपनेते, लंडनच्या नगरविधानसभेचे सदस्य, खासदार नसलेले आणि एकटे. पोलान्स्की यांचा पवित्रा आक्रमक: श्रीमंतांची मक्तेदारी आणि हवामानाचे संकट एकाच वाक्यात बोला, मोठ्याने बोला. जोडीचे सांगणे, नेता संसदेत हवा, आणि मिळवलेला मतदार घाबरता कामा नये. लंडनच्या एका रेडिओ केंद्रावरील चर्चेत रॅम्झी यांना विचारले गेले, पोलान्स्की तुम्हाला आवडतात का? सरळ ‘हो’ त्यांच्या तोंडून निघेना. विद्यार्थिनीने हा किस्सा हसत सांगितला. आम्हाला हसू आले नाही. निकाल २ सप्टेंबरला लागला. पोलान्स्की २०,४११, जोडी ३,७०५. मतदान सुमारे ३८ टक्के. काही आठवड्यांतच पक्षाची सभासदसंख्या लाखापलीकडे गेली.

रॅम्झी हे २००८च्या त्या पहिल्या निवडणुकीत उपनेते म्हणून निवडले गेले होते. पद नावाने अस्तित्वात आले तेव्हा ज्याला ते मिळाले, त्यालाच सतरा वर्षांनी सभासदांनी मोजून बाजूला केले. दुसऱ्या दिवशीही ते खासदार होते आणि पक्षातच होते. हे किती क्रूर आहे आणि किती स्वच्छ आहे, यावर आम्हा दोघांत मतभेद आहेत. एकाला वाटते, पाच-सहापटींनी हरणे हे माणसाला जाहीरपणे उघडे करणे आहे, आणि लहान पक्षात, जिथे सगळे एकमेकांना नावाने ओळखतात, ते अधिक लागते. दुसऱ्याला वाटते, निदान आकडा तरी मिळाला. आमच्या सहकारी बाईंना तो कधी मिळाला नाही. त्या किती मतांनी हरल्या असत्या? कदाचित हरल्याही नसत्या. हात वर करायचे नसते, चिठ्ठी टाकायची असती, तर आम्ही दोघांनी कोणाचे नाव लिहिले असते, हे आम्हाला नेमके माहीत आहे.

त्यानंतर बाई बैठकांना आल्या नाहीत. दोन वर्षांनी दुसऱ्या जिल्ह्यातील महाविद्यालयात गेल्या. गट २०१० च्या सुमारास विरला. बरखास्त झाला असे म्हणता येत नाही, कारण बरखास्त करायचे ते कोणी, हेच ठरलेले नव्हते. टेकडीवर पायवाट झाली. कारंजे एक उन्हाळा चालले. वरच्या अंगाची झाडे, सरांनी पाणी घातलेली, आता चांगली मोठी आहेत, आणि संध्याकाळी आम्हीही त्याच पायवाटेने फिरायला जातो.

सर गेल्यावर त्यांच्या मुलाने गटाची वही आम्हाला आणून दिली. फोननंतरच्या रविवारी ती कपाटातून काढली. २००८च्या त्या बैठकीचे इतिवृत्त आमच्यापैकी एकाच्या अक्षरात आहे, टपोरे, काना-मात्रा बिनचूक. ‘सर्वानुमते ठरले’ या शब्दांखाली एकोणीस सह्या आहेत. उपस्थिती वर वीस लिहिली आहे.